स्नायूंची पेंढी : तिची रचना आणि तिची निगा

या स्मरणिकेत ट्रस्टच्या कार्याचा वृत्तांत, जमाखर्च, देणगीदारांची नामावली आणि विद्यार्थ्यांच्या यशाच्या वार्ता येतीलच. त्यांच्या जोडीला घरातील लहानथोरांनी मिळून वाचावा असा एखादा शास्त्रीय विषय सुलभ मराठीत मांडावा, अशी सूचना आम्हांस करण्यात आली. शाळेत शरीरशास्त्र शिकविताना ज्या धड्याला मुलांकडून सर्वांत अधिक प्रश्न येतात, तोच धडा आम्ही येथे घेतला आहे. तो म्हणजे स्नायूंचा. स्नायू दाखविण्यासाठी मुले लगेच बाही वर सारतात, दंड फुगवितात आणि बेटकुळी काढून दाखवितात. परंतु त्या बेटकुळीच्या आत काय आहे, असे विचारले की वर्ग शांत होतो.

हा विषय निवडण्यास दुसरेही एक कारण आहे. आपल्या घरांतून आता सत्तरी-ऐंशी ओलांडलेली माणसे पूर्वीपेक्षा अधिक दिसतात. त्यांना जागचे उठू न देणे, पाण्याचा तांब्यासुद्धा हाती आणून देणे, हीच खरी सेवा असे पुष्कळ घरी मानले जाते. भावना उत्तमच आहे. परंतु स्नायूची घडण एकदा समजून घेतली म्हणजे ही सेवा कोठे उपकारक ठरते आणि कोठे अपायकारक ठरते, ते वाचकांच्या आपोआप ध्यानी येईल.

काडी, पेंढी आणि भारा

आपल्या शरीरात स्नायू तीन प्रकारचे असतात. एक हृदयाचा, दुसरा आतडी, रक्तवाहिन्या इत्यादींच्या भिंतींतला, आणि तिसरा हाडांना जोडलेला. पहिले दोन आपल्या हुकमाची वाट पाहत नाहीत. तिसरा मात्र आपल्या इच्छेने चालतो. चालणे, लिहिणे, घास चावणे, मूल कडेवर घेणे ही सर्व त्याचीच कामे. अशा स्नायूंची संख्या सहाशेहून अधिक असून प्रौढ पुरुषाच्या वजनाचा सुमारे ४० टक्के भाग त्यांचाच असतो. स्त्रियांत हे प्रमाण काहीसे कमी असते. आम्ही येथे फक्त या तिसऱ्या प्रकाराविषयी लिहीत आहोत.

स्नायू म्हणजे मांसाचा एकसंध गोळा, असा सर्वसाधारण समज असतो. वास्तविक तो गोळा नसून नीट बांधलेला भारा आहे. सुगीच्या दिवसांत शेतावर पाहावे. भाताच्या काड्या एकत्र करून पेंढी बांधतात आणि अनेक पेंढ्या एकत्र बांधून भारा होतो. स्नायूत हाच क्रम आहे. काडीच्या जागी स्नायुतंतू, पेंढीच्या जागी तंतूंचा गुच्छ आणि भाऱ्याच्या जागी सबंध स्नायू. फरक इतकाच की शेतातल्या पेंढीला एके ठिकाणी आळा असतो, तर स्नायूतील प्रत्येक काडीला, प्रत्येक पेंढीला आणि सबंध भाऱ्याला टोकापासून टोकापर्यंत खोळ घातलेली असते.

या तीन खोळींना शास्त्रात वेगवेगळी नावे आहेत. सबंध स्नायूवरच्या जाड खोळीस एपिमायसियम, प्रत्येक गुच्छावरच्या मधल्या खोळीस पेरिमायसियम आणि एकेका तंतूवरच्या अतिशय तलम खोळीस एंडोमायसियम असे म्हणतात. नावे लांबलचक असली तरी त्यांचा अर्थ सोपा आहे. 'स्नायूच्या वरचे', 'स्नायूच्या भोवतालचे' आणि 'स्नायूच्या आतले' एवढेच ग्रीक भाषेत म्हटलेले आहे.

ही रचना डोळ्यांनी पाहावयाची असल्यास घरात सोय आहे. शाकाहारी वाचकांनी एक मोसंबे सोलावे. वरची साल, मग प्रत्येक फोडीवरचा पापुद्रा आणि फोडीच्या आत रसाचे बारीक दाणे, ज्यांतल्या प्रत्येकाला स्वतःचे सूक्ष्म वेष्टन असते. वेष्टनात वेष्टन ही युक्ती तीच आहे. मांसाहारी घरांत तर ती रोजच्या स्वयंपाकात आढळते. मटण चिरताना जे चिवट पांढरे पापुद्रे सुरीला लागतात, ते याच खोळींचे. त्यांत कोलॅजेन नावाचे प्रथिन असते. मंद आचेवर पुष्कळ वेळ शिजविले म्हणजे हे कोलॅजेन विरघळू लागते, खोळी सैल होतात आणि मटणाचे धागे सुटे होतात. आमच्या घरी पाया शिजतो तेव्हा त्याचा रस्सा गार झाल्यावर थिजून खरवसासारखा थरथरतो. तेही विरघळलेल्या कोलॅजेनचेच काम. सुटा झालेला जो धागा आपण बोटांनी ओढतो, तो एकटा तंतू नसून तंतूंची पेंढी असते. एकटा तंतू नुसत्या डोळ्यांना स्पष्ट दिसणे कठीण.

त्याच्या जाडीचा अंदाज असा. एका मिलिमीटरचे हजार भाग केले तर एका भागास मायक्रोमीटर म्हणतात. स्नायुतंतूची जाडी साधारण १० ते १०० मायक्रोमीटर असते. मध्यम म्हणून ५० धरली, तर एका मिलिमीटरात २० तंतू शेजारी शेजारी बसतील आणि एका चौरस मिलिमीटरात सुमारे ४००. इतका बारीक असूनही तो लांबीने मात्र कित्येक सेंटीमीटर असू शकतो. असा एकेक तंतू म्हणजे एकच पेशी होय. गर्भात अनेक लहान पेशी एकमेकींत मिसळून ती तयार होते. म्हणून इतर बहुतेक पेशींत एक केंद्रक असताना हिच्यात शेकडो असतात.

खोळींचे काम

या खोळी केवळ वेष्टनाचे काम करीत असत्या तर त्यांच्यासाठी इतकी जागा खर्चण्याचे कारण नव्हते. त्यांची कामे अनेक आहेत.

पहिले काम ओढ पोहोचविण्याचे. स्नायूच्या टोकाशी या तिन्ही खोळी एकत्र येतात, त्यांतले मांस संपते आणि त्यांचाच चिवट, पांढरा दोर बनून तो हाडाला घट्ट चिकटतो. त्यास कंडरा म्हणतात. बोलीत आपण रक्तवाहिनी, मज्जातंतू आणि कंडरा या तिघांनाही 'शीर' म्हणतो, त्यामुळे मुलांचा गोंधळ होतो. टाचेच्या मागे जी जाड दोरी हाताला लागते आणि जिला लोक धोंडशीर म्हणतात, ती शरीरातली सर्वांत दणकट कंडरा होय. तंतू आकसतो, त्याची ओढ खोळीला बसते, खोळीची कंडरेला आणि कंडरेची हाडाला. लांब स्नायूंत तर काही तंतू कंडरेपर्यंत पोहोचतच नाहीत, पेंढीच्या मध्येच संपतात. तरीही त्यांची मेहनत वाया जात नाही. शेजारच्या तंतूंना ती खोळीमार्फत बाजूने पोहोचते.

दुसरे काम रसद पुरविण्याचे. रक्तवाहिन्या आणि मज्जातंतू स्नायूत शिरतात ते मधल्या खोळींच्या वाटेने, आणि तेथून केसाहून बारीक रक्तवाहिन्या एकेका तंतूला बिलगून पसरतात.

तिसरे काम डागडुजीचे. १९६१ साली अलेक्झांडर मॉरो या शास्त्रज्ञाने इलेक्ट्रॉन सूक्ष्मदर्शकातून पाहिले, तेव्हा तंतू आणि त्याच्या अगदी जवळचे वेष्टन यांच्या मध्ये लहान लहान स्वतंत्र पेशी दडलेल्या आढळल्या. तंतूस इजा झाली की या पेशी जाग्या होतात, वाढतात आणि त्याची दुरुस्ती करतात. शेतकरी पुढच्या पेरणीसाठी बियाणे राखून ठेवतो, तसेच हे आहे.

तंतूच्या पोटात

आता एका तंतूच्या आत डोकावू. तेथेही पुन्हा जुड्याच आहेत. सुमारे एक मायक्रोमीटर जाडीचे शेकडो सूक्ष्मतंतू एकमेकांस लागून मांडलेले असतात आणि त्यांवर आडव्या पट्ट्या दिसतात, एक गडद, एक फिकी. १८४० साली विल्यम बोमन या इंग्रज वैद्याने या पट्ट्यांचे बारकाईने वर्णन केले. त्यांचा उलगडा होण्यास मात्र शंभराहून अधिक वर्षे लागली. १९५४ साली 'नेचर' या साप्ताहिकात दोन निबंध शेजारी शेजारी प्रसिद्ध झाले. एक अँड्र्यू हक्सली आणि रोल्फ नीडरगेर्के यांचा, दुसरा ह्यू हक्सली आणि जीन हॅन्सन या विदुषींचा. दोघे हक्सली एकमेकांचे कोणी नातलग नव्हते, परंतु निष्कर्ष एकच निघाला. सूक्ष्मतंतूत जाड आणि बारीक अशा दोन जातींचे धागे असतात. स्नायू आकसतो तेव्हा धागे आखूड होत नाहीत. ते एकमेकांत सरकतात. दोन्ही हातांची बोटे सैल गुंफून ती आत सारून पाहावीत. बोटांची लांबी तितकीच राहते, पण दोन्ही मनगटे जवळ येतात.

एका गडद-फिक्या घराची लांबी अडीच मायक्रोमीटरांच्या आतबाहेर असते. म्हणजे चार सेंटीमीटर लांबीच्या तंतूत अशी सुमारे १६,००० घरे एकापुढे एक येतात. प्रत्येक घर किंचितच आकसते, परंतु सर्वांची बेरीज होऊन आपला हात तोंडापर्यंत जातो.

मांडणीचा हिशेब

येथपर्यंत सर्व स्नायू सारखेच. वेगळेपणा येतो तो पेंढ्यांच्या मांडणीत, आणि आमच्या मते या विषयातला सर्वांत रम्य भाग हाच आहे.

काही स्नायूंत पेंढ्या ओढीच्या दिशेने सरळ मांडलेल्या असतात. शरीरातला सर्वांत लांब स्नायू याच जातीचा. तो कमरेच्या बाजूपासून निघून मांडीवरून तिरपा उतरतो आणि गुडघ्याच्या आतल्या बाजूस संपतो. मांडी घालून बसताना तो कामी येतो. युरोपात पूर्वी शिंपी असे बसून शिवीत, म्हणून लॅटिन भाषेत त्यास शिंप्याचा स्नायू म्हटले गेले. दंडाचा स्नायूही सरळ मांडणीचाच, परंतु मध्ये फुगीर आणि टोकांना निमुळता. 'मसल' हा इंग्रजी शब्द 'लहान उंदीर' या अर्थाच्या लॅटिन शब्दावरून आला आहे. त्यांना कातडीखाली उंदीर हललासा वाटला. आपल्या पूर्वजांना बेडकी हललीशी वाटली आणि त्यांनी बेटकुळी म्हटले.

काही स्नायूंत पेंढ्या रुंद जागेवरून निघून एका बिंदूकडे पंख्यासारख्या गोळा होतात. कानशिलावर बोटे ठेवून दात आवळले म्हणजे जो स्नायू हाताला लागतो तो असा आहे. छातीवरचा मोठा स्नायूही तसाच. डोळ्यांभोवती आणि ओठांभोवती पेंढ्या गोलाकार असतात, म्हणून डोळा मिटतो आणि ओठांचा चंबू होतो.

सर्वांत चतुर मांडणी मात्र तिरपी होय. माडाचे झावळ डोळ्यांसमोर आणावे. मधला दांडा म्हणजे कंडरा आणि दोन्ही बाजूंच्या तिरप्या पाती म्हणजे तंतूंच्या पेंढ्या. मांडीच्या पुढच्या बाजूचा मधला स्नायू असा आहे. काही स्नायूंत पाती एकाच बाजूला असतात. खांद्यावरच्या ज्या स्नायूत मोठ्या माणसांना लस टोचतात, त्यात तर अशी अनेक झावळे शेजारी शेजारी मांडलेली असतात.

अशा तिरपेपणाने काय साधते? वर्गात आम्ही फळ्यावर याचे साधे गणित मांडतो. समजा, १२ सेंटीमीटर लांबीचे १० तंतू सरळ मांडले. तेवढ्याच मालातून ४ सेंटीमीटर लांबीचे ३० तंतू होतील. स्नायूची ओढ शेजारी शेजारी किती तंतू ओढतात यावर अवलंबून असते, आणि त्याची धाव तंतूच्या लांबीवर. तेव्हा आखूड तंतूंची ओढ तिप्पट आणि धाव एकतृतीयांश झाली. ते २० अंशांनी तिरपे ठेविले, तर ओढीतला थोडा भाग बाजूला जातो आणि शंभरातले ९४ कामी येतात. म्हणजे ३० तंतूंची ओढ २८ तंतूंइतकी भरली. दोनांचा तोटा सोसून अठरांचा नफा झाला. कोणताही व्यापारी असा सौदा सोडणार नाही.

म्हणून जेथे जोर हवा आणि धाव थोडी पुरते, तेथे आखूड व तिरपे तंतू आढळतात. पोटरीच्या आतला स्नायू दिवसभर आपला तोल सांभाळतो, तो असाच आहे. शिंप्याच्या स्नायूला लांबवर ओढावयाचे असते, म्हणून त्याचे तंतू लांब आणि सरळ.

ही भूमिती प्रथम मांडणारा गृहस्थ डेन्मार्कचा नील्स स्टेन्सेन. त्याच्या काळी असे मानीत की मज्जातंतूंतून काही सूक्ष्म द्रव्य स्नायूत शिरते आणि त्यामुळे तो फुगतो. १६६७ साली प्रसिद्ध केलेल्या ग्रंथात त्याने स्नायू म्हणजे दोन कंडरांच्या मध्ये तिरप्या मांडलेल्या तंतूंचा समांतर बाजूंचा ठोकळा, असे धरून दाखविले की बाहेरून काहीही न येता, घनफळ तितकेच राहून, स्नायू आखूड आणि जाड दिसू शकतो. मुले भूमितीचा उपयोग काय म्हणून विचारतात, तेव्हा आम्ही त्यांना हे उदाहरण सांगतो.

हुकूम कोण देतो

पेंढी कितीही चांगली बांधली तरी हुकमावाचून ती हलत नाही. पाठीच्या कण्यातील एकेका मज्जापेशीकडे ठरावीक तंतूंची टोळी सोपविलेली असते. डोळा फिरविणाऱ्या स्नायूंत एकेका टोळीत दहा-वीसच तंतू असतात, कारण तेथे काम नाजूक. पोटरीत एका टोळीत हजाराच्या वर असू शकतात. एका टोळीचे तंतू एकाच पेंढीत कोंडलेले नसतात. ते अनेक पेंढ्यांत विखुरलेले असतात. त्यामुळे थोड्याच टोळ्या कामाला लागल्या तरी ओढ सर्व स्नायूवर सारखी पसरते.

टोळ्यांतही जाती आहेत. काही सावकाश पण न थकता काम करतात, त्यांचे तंतू लालसर. काही झटक्यात जोर लावतात पण लवकर दमतात, त्यांचे तंतू फिके. दिवसभर चालणाऱ्या कोंबडीची तंगडी गडद आणि क्वचितच उडणाऱ्या तिच्या छातीचे मांस फिके असते, ते यामुळेच. माणसाच्या प्रत्येक स्नायूत दोन्ही जाती मिसळलेल्या असतात. पाय घसरला असता तोल सावरावयाचा, तर तो झटक्याच्या जातीवर सावरतो. ही गोष्ट वाचकांनी ध्यानी ठेवावी, कारण पुढे तिचाच संबंध आहे.

वय आणि अंथरूण

तंतूंची संख्या बहुतांशी जन्माच्या सुमारासच ठरलेली असते. तालमीत जोर-बैठका काढणाऱ्या पहिलवानाचे दंड भरतात ते मुख्यत्वे नव्या तंतूंनी नव्हे. प्रत्येक तंतूच्या आत सूक्ष्मतंतूंची भर पडून तो जाड होतो. काम थांबविले की भर ओसरते. कोणाचा हात सहा आठवडे प्लास्टरमध्ये असला, तर तो बाहेर निघताना किती रोडावलेला दिसतो, हे अनेकांनी पाहिले असेल.

वयाबरोबर होणारी झीज याहून खोल आहे. स्वीडनमध्ये लेक्सेल आणि त्यांचे सहकारी यांनी १९८८ साली एक अभ्यास प्रसिद्ध केला. अचानक मृत्यू आलेल्या, परंतु पूर्वी निरोगी असलेल्या ४३ पुरुषांच्या मांडीचा बाहेरच्या बाजूचा स्नायू सबंध आडवा कापून त्यांनी तपासला. तान्ह्या बाळांना लस टोचतात तोच हा स्नायू. विसाव्या वर्षापासून ऐंशीव्या वर्षापर्यंत त्याचा आकार सरासरीने सुमारे ४० टक्के घटतो, आणि तंतूंची संख्याही जवळजवळ त्याच प्रमाणात कमी होते, असे त्यांना आढळले. जे तंतू उरतात त्यांतही झटक्याच्या जातीचे तंतू अधिक बारीक होतात. म्हातारपणी माणूस सावकाश पुष्कळ चालू शकतो, पण ठेच लागल्यावर सावरू शकत नाही, याचे एक कारण येथे आहे.

या झिजेत मज्जापेशींचाही भाग आहे. पाठीच्या कण्यातील एखादी मज्जापेशी मेली की तिची टोळी पोरकी होते. तेव्हा शेजारच्या मज्जापेशी आपल्या शाखा पुढे करून त्यांतल्या काही तंतूंना आपल्या टोळीत सामील करून घेतात. अनाथांना आसरा देण्याची ही रीत वाचून आपल्या ट्रस्टच्या सभासदांना निश्चितच समाधान वाटेल. ज्यांना असा आसरा मिळत नाही, ते तंतू सुकून जातात आणि त्यांच्या जागी चरबी व तंतुमय ऊतक भरते. अशा वार्धक्यातील झिजेला इर्विन रोझेनबर्ग यांनी १९८९ साली सार्कोपेनिया, म्हणजे मांसाची उणीव, असे नाव दिले.

वयाची झीज हळूहळू होते. अंथरुणाची झीज मात्र झपाट्याने होते. २००७ साली अमेरिकेत प्रसिद्ध झालेल्या एका प्रयोगात सरासरी ६७ वर्षे वयाच्या निरोगी माणसांना दहा दिवस अंथरुणावर ठेवण्यात आले. तेवढ्या अवधीत त्यांच्या दोन्ही पायांतून मिळून सुमारे एक किलो मांस कमी झाले. ही माणसे आजारी नव्हती, त्यांचे खाणे चालू होते. मग तापाने अशक्त झालेल्या, भूक मंदावलेल्या वृद्धाचे काय होत असेल, याची कल्पना करावी.

आमच्या अम्मा वयाच्या ७६ व्या वर्षी तापाने बारा दिवस अंथरुणाला खिळून होत्या. ताप उतरला, तोंडाला चव आली, परंतु नमाजाला चटईवर बसल्या की त्यांना उठता येईना. त्यांनी मनाशी घेतले की आता हे असेच चालायचे. डॉक्टरांनी तपासून सांगितले की गुडघे ठीक आहेत, मांड्या सुकल्या आहेत. त्यांनी हात असलेल्या भक्कम खुर्चीवरून उठण्या-बसण्याचा व्यायाम सांगितला. पहिल्या आठवड्यात अम्मा हाताच्या आधाराने चार वेळा उठत. अडीच महिन्यांनी त्या भिंतीला हात लावून चटईवरून उठू लागल्या. शेजारच्या आजींनी हे पाहून आपल्या देवघरासमोरचा पाट पुन्हा मांडला, हे सांगावयास आम्हांस आनंद वाटतो.

हे नवल नाही, याला प्रयोगाचा आधार आहे. १९९० साली बोस्टन येथे मारिया फियाटरोन आणि सहकाऱ्यांनी वृद्धांच्या एका संस्थेत राहणाऱ्या, नव्वदीच्या आसपासच्या दहा अशक्त व्यक्तींना पायांनी वजन उचलण्याचा व्यायाम आठवड्यातून तीन वेळा, असा आठ आठवडे दिला. एकाने मध्येच सोडले. नऊजणांनी तो पुरा केला. त्यांच्या पायांची ताकद सरासरीने १७४ टक्क्यांनी वाढली, म्हणजे मूळच्या पावणेतीन पट झाली. मांडीतले मांस मात्र सुमारे ९ टक्केच वाढले. या दोन आकड्यांतील तफावत अर्थपूर्ण आहे. आरंभीची बरीचशी सुधारणा मज्जापेशींकडून होते. ज्या टोळ्यांना कित्येक महिने हुकूम गेला नव्हता, त्यांना तो पुन्हा मिळू लागतो. तंतू जाड होणे त्यामागून येते. गेलेले तंतू परत येत नाहीत, परंतु उरलेल्यांत काम करण्याची आणि जाड होण्याची शक्ती नव्वदीतही असते.

घरी काय करावे

वरील माहितीतून घरोघरी उपयोगी पडतील अशा थोड्या गोष्टी निघतात. ज्यांना हृदयाचा विकार आहे, अलीकडे शस्त्रक्रिया झाली आहे किंवा सांधे दुखतात, त्यांनी आपल्या डॉक्टरांना विचारूनच आरंभ करावा.

पहिली गोष्ट उठण्याची. न हलणाऱ्या, भिंतीला टेकविलेल्या खुर्चीवरून उठून उभे राहावे आणि हळूहळू बसावे. आरंभी हातांचा आधार घ्यावा, पुढे जमल्यास सोडावा. बसताना धपकन बसू नये. सावकाश बसणे हीसुद्धा मांडीच्या स्नायूंची मेहनतच आहे. पाच वेळांपासून सुरुवात करून हळूहळू वाढवावे. एक दिवस चाळीस वेळा आणि मग आठवडाभर काही नाही, याचा उपयोग नाही.

दुसरी गोष्ट, जे काम वृद्ध माणूस स्वतः करू शकतो ते त्याच्या हातून काढून घेऊ नये. पाण्याचा तांब्या, अंगणातली तुळस, कोपऱ्यावरच्या दुकानातून आणावयाची पाव किलो साखर, नातवाला शाळेच्या फाटकापर्यंत पोहोचविणे, हा सर्व स्नायूंचा खुराक आहे. पडण्याची भीती असेल तर सोबत जावे, जिन्याला कठडा बसवावा, न्हाणीघरात घसरणार नाही अशी फरशी घालावी. पण त्यांना उठण्यापासून परावृत्त करू नये.

तिसरी गोष्ट आहाराची. सूक्ष्मतंतू प्रथिनांचे बनलेले असतात. पुष्कळ वृद्ध माणसे चहा-बिस्किटांवर किंवा पातळ पेजेवर दिवस काढतात. त्यांच्या ताटात डाळ, उसळ, दूध, दही आणि चालत असल्यास अंडे किंवा मासे असावेत. मूत्रपिंडाचा विकार असलेल्यांनी मात्र प्रमाण डॉक्टरांना विचारावे.

चौथी गोष्ट तरुणांसाठी, आणि विशेषेकरून मुलींसाठी. म्हातारपणी जी झीज व्हावयाची ती कोणाला टळत नाही. परंतु भरलेला भारा झिजून जे उरते ते रिकाम्या भाऱ्यापेक्षा अधिक असते. शाळेच्या कवायतीच्या तासाला मुलींना वहीकाम देऊन बसविण्याची चाल अजून काही ठिकाणी आहे. पालकांनी तिला संमती देऊ नये.

आपल्या ट्रस्टने आजवर विद्यार्थ्यांची फी भरली, आजाऱ्यांना औषधे दिली, विधवांना मदत केली. त्याच हातांनी आठवड्यातून दोन सकाळी सभागृहाचे दार उघडून, भिंतीशी दहा-वीस भक्कम खुर्च्या मांडून, वस्तीतल्या ज्येष्ठांना एकत्र उठण्या-बसण्याचा सराव करविता आला, तर त्यास खर्च जवळजवळ काहीच येणार नाही. एखाद्या डॉक्टरांनी महिन्यातून एकदा देखरेख करावी. आमच्या शाळेतील वरच्या वर्गाची मुले खुर्च्या मांडावयास आणि आजी-आजोबांना हात द्यावयास येतील. ते करून घेण्याचे आम्ही आपल्याकडे घेतो. विश्वस्त मंडळाने या सूचनेचा विचार करावा, अशी आमची नम्र विनंती आहे.